गोंचिगच्या कळपातला चित्रकार

गोंचिगने एक्केचाळीस वर्षांत एकही उंट हरवला नव्हता. हे तो स्वतः कधी कुणाला सांगत नसे. सांगायचं काम त्याची बायको ल्हामजाव करी, आणि ते अशा थाटात, की ऐकणाऱ्याला वाटावं उंट तिनेच सांभाळले.

"आमचा म्हातारा डोक्यावरची टोपी तासभर शोधतो," ती म्हणे. "पण उंट? एकशे चौदा आहेत. बांधा त्याचे डोळे आणि उभा करा मधोमध. नुसत्या ओरडण्यावरून सांगेल, कोण कुणाची पोर."

ती हे सुरू करी तेव्हा गोंचिग उठून बाहेर जाई आणि एखाद्या उंटाच्या दोरीची चांगली बसलेली गाठ सोडून पुन्हा बांधत बसे. बोलणं त्याला जमत नसे. गोबीच्या वाळवंटात सकाळपासून संध्याकाळपर्यंत चाललं तरी माणूस भेटेलच असं नाही, म्हणून त्याचं हे वैगुण्य त्रेसष्ट वर्षं खपून गेलं होतं.

त्या शरदात पशुपालक संघाचे अध्यक्ष दोर्जपालम ट्रक घेऊन आले. ट्रकमध्ये मागे पिठाच्या दोन गोण्या, एक चहाच्या विटांचं खोकं आणि एक पोरगा होता. पोरगा गोण्यांवर उताणा पडून आकाशाकडे बघत होता. ट्रक थांबला तरी उठला नाही.

"हा शहरातला चित्रकार," अध्यक्ष म्हणाले. "आपल्या नव्या सभागृहाची पूर्वेची भिंत मोकळी आहे. तिच्यावर संघाचे तीन बक्षीसपात्र उंट काढायचे आहेत. बारा दिवस तुमच्याकडे राहील, उंट बघेल, कागदावर काढून घेईल. बाराव्या दिवशी दुपारी मी न्यायला येतो. कळलं का, गोंचिग-ग्वाइ?"

"हं," गोंचिग म्हणाला. नावापुढे मानाचं 'ग्वाइ' लावलं तरी त्याचं उत्तर एवढंच.

"तुम्ही आजवर एक जनावर हरवलं नाहीत. म्हणून दुसऱ्या कुणाकडे न ठेवता तुमच्या कळपात सोडतोय याला. मागच्या जागी दोनदा हरवलाय."

"दीड वेळा," गोण्यांवरून आवाज आला. "एकदा मी स्वतःच परत आलो होतो."

पोराचं नाव एनेबिश. एनेबिश म्हणजे 'हा नव्हे'. आधीची दोन मुलं पाळण्यातच गेली, म्हणून आईने हे नाव ठेवलेलं, की दारात काही वाईट आलं तर नाव ऐकून पुढे निघून जावं. ल्हामजावला पोरगा लगेच आवडला. तो तीन वाडगे मिठाचा चहा प्यायला, चौथा मागितला, आणि वाळवलेल्या दह्याच्या वड्या खिशात भरताना तिने पाहिलं तर लाजला नाही. गोंचिगला मात्र काळजी पडली. उंटाचा स्वभाव आठवड्यात कळतो. हा प्राणी वेगळा होता. कुठे निघालाय हे त्याच्या पायांवरून कळतच नसे. एखादी टेकडी बघत चालू लागला की चालतच राही, मध्ये खड्डा असला तर खड्ड्यात उतरी आणि खड्ड्यातून टेकडी दिसत नाही म्हणून चिडे.

तिसऱ्या दिवशी त्याने पहिलं चित्र दाखवलं.

गोंचिगने ते हातभर लांब धरलं, मग जवळ आणलं. "हा कोण?"

"तुमचाच. तो खवचट नर, डावीकडे कललेल्या वशिंडाचा."

"तो तपकिरी आहे."

"सकाळी तपकिरी असतो. संध्याकाळी सूर्य गेल्यावर निळा होतो."

"उंट निळा होत नाही."

"बघितलंय कधी?"

"एक्केचाळीस वर्षं बघतोय."

"तुम्ही मोजता, गोंचिग-ग्वाइ. बघत नाही."

ल्हामजाव चुलीपाशी एवढी हसली की दूध उतू गेलं. गोंचिगने चित्र परत दिलं. पण त्या संध्याकाळी कळप मोजून झाल्यावर तो जरा रेंगाळला. खवचट नर कड्याच्या सावलीत उभा होता. गोंचिगने एक डोळा मिटून पाहिलं, मग दुसरा. आत येऊन गुपचूप जेवला. झोपताना ल्हामजावने विचारलं, "निळा होता का?" "थोडासा," तो म्हणाला आणि भिंतीकडे तोंड केलं.

दहाव्या दिवशी सकाळी एनेबिशचा तांबडा रंग संपला. लाल कड्यांतून माती आणतो म्हणून तो पिशवी खांद्याला लावून निघाला. नवे शहरी बूट, तळव्यांवर चौकडी. गोंचिगने चौकडी लक्षात ठेवली होती, जशी नव्या उंटाची टाच लक्षात ठेवावी. दुपारी पोरगा आला नाही. संध्याकाळी आला नाही. गोंचिगने टेकाडावर शेणाच्या गोवऱ्यांची शेकोटी पेटवली आणि ती विझेपर्यंत तिच्याजवळ बसून राहिला. पहाटे पाण्यावर बर्फाची पातळ साय धरली होती आणि पोराचं अंथरूण जसंच्या तसं घडी केलेलं होतं.

"संघाच्या गावाला जा," ल्हामजाव म्हणाली. "सांग सगळ्यांना. मोटारसायकली आहेत त्यांच्याकडे."

"आधी मी बघून येतो."

"का?"

गोंचिग खोगिराचा पट्टा आवळत राहिला.

"लाज वाटते म्हणून," ल्हामजावने स्वतःच उत्तर दिलं. "लोक म्हणतील, गोंचिगने हरवला. अरे म्हाताऱ्या, उंट नाहीये तो! थंडीत गारठून जाईल. काल एक रात्र गेली, आज दुसरी नको."

"संध्याकाळच्या आत सापडला नाही तर गावाला जातो."

"बरं. पण वाटेत लोकांना विचार. सरळ विचार! मी ओळखते तुला. शेळ्यांची चरबी विचारशील आणि चहा पिऊन परत येशील."

"सरळ विचारीन."

"म्हणून दाखव."

"काय?"

"'माझ्याकडचा पोरगा हरवलाय, पाहिलात का?' म्हण."

गोंचिग उंटावर चढला आणि उंट उठता उठता पुटपुटला, "माझ्याकडचा..." पुढचं उंटाच्या ओरडण्यात गेलं.

बुटांची चौकडी लाल कड्यांपर्यंत नीट गेली होती. तिथे माती उकरल्याच्या खुणा होत्या. तिथून चौकडी उत्तरेला वळून म्हाताऱ्या डोलगोरच्या गेरच्या दिशेने निघाली आणि खडकाळ सपाटीवर नाहीशी झाली. दगडावर पाऊल उमटत नाही, पण त्या बाजूला माणसाची वस्ती एवढी एकच, तेव्हा गोंचिग सरळ तिकडे गेला.

लोकरी नमद्याचं ते गोल पांढरं गेर दिसू लागलं तसं त्याने दुरूनच आरोळी दिली, "कुत्रं धरा हो!" डोलगोरचं कुत्रं दोन वर्षांपूर्वीच मेलं होतं. तरी आरोळी दिलीच पाहिजे. डोलगोरही आतून ओरडली, "धरलंय, या!"

गोंचिग मान खाली घालून आत शिरला आणि नजर जमिनीवरच ठेवून, डावीकडून वळसा घेत, दारासमोरच्या मानाच्या जागेवर जाऊन बसला. नजर वर करायची त्याला हिंमत नव्हती. डोलगोर जवळजवळ ऐंशीची, एकटी राहणारी, डोळ्यांनी आणि जिभेने धड. दोघांनी तपकिरीच्या कुप्या एकमेकांना दिल्या, हुंगल्या, परत केल्या.

"जनावरं धष्टपुष्ट आहेत ना?" गोंचिगने विचारलं.

"आहेत. तुमची?"

"आहेत. शरद सुखाचा चाललाय ना?"

"सुखाचा. तुमचा?"

"सुखाचा."

चहा आला. गोंचिग दोन्ही हातांनी वाडगा धरून प्यायला. मग त्याने घसा साफ केला. डोलगोर सावरून बसली. तिच्या चेहऱ्यावर कसलीशी वाट पाहणं होतं.

"काय नवं?" गोंचिगने विचारलं.

"काही नाही. शांत आहे सगळं," डोलगोर म्हणाली. "तुमच्याकडे काय नवं?"

"काही नाही," गोंचिग म्हणाला. "शांत आहे."

ही उत्तरं ठरलेली. रात्री लांडग्यांनी अर्धा कळप फाडलेला असला तरी आधी शांत आहे म्हणायचं, चहा प्यायचा, आणि निघताना दारापाशी, सहज आठवल्यासारखं, लांडग्यांचं काढायचं. दारापाशी बोलू, असं गोंचिगने स्वतःला सांगितलं. तीन वाडगे झाले. तो उठला. डोलगोरही उठली. दारापाशी तो थांबला. तीही थांबली. दोघं एकमेकांकडे बघत उभे राहिले.

"दार कुरकुरतंय," गोंचिग म्हणाला. "चरबी लावा जरा."

"लावते," डोलगोर म्हणाली. तिचं तोंड एकदम एवढंसं झालं होतं. गोंचिगला वाटलं, दारावर बोललो म्हणून.

उंटावर बसल्यावर त्याने स्वतःला मोठ्याने शिवी दिली. उंटाने वळून पाहिलं. पण मग तो असाही विचार करू लागला, की पोरगा इकडे आला असता तर म्हातारीने सांगितलंच असतं. असं काही आपण होऊन न सांगणारी बाई नाही ती. म्हणजे इकडे आलाच नाही. म्हणजे दारापाशी गप्प राहिलो त्याने काही बिघडलं नाही. हे त्याला पटलं, कारण पटवून घ्यायचं होतं.

तिथून तो पिवळ्या विहिरीवर गेला. तिथे पुरेव राहतो. पुरेवच्या दाढेला सूज होती, आणि जनावरं, शरद, तपकीर हे सगळं उरकल्यावर त्याने दाढेची गोष्ट अगदी उन्हाळ्यापासून सांगितली. "काय नवं?" ला त्याचंही तेच, शांत आहे. त्याच्याकडे खरोखरच शांत होतं. चौकडीचं एकही पाऊल विहिरीच्या ओल्या मातीत नव्हतं, हे गोंचिगने येतानाच पाहिलं होतं.

"पश्चिमेला पिवळं झालंय," पुरेव गाल धरून म्हणाला. "बसा इथंच. वारा येतोय."

गोंचिग बसला नाही. त्याने दुर्बीण काढून चारी दिशा पाहिल्या. आधी जमीन, मग वर आकाश. गिधाडं कुठे घिरट्या घालतायत का, ते पाहायला. गिधाडं नव्हती. तरी दुर्बीण गळ्यात लटकती ठेवूनच तो उंटावर चढला.

तिथून निघाल्यावर थोड्याच वेळात वाऱ्याने त्याला उघड्यावर गाठलं. त्याने उंट बसवला, त्याच्या पोटाशी अंग लावलं आणि डोक्यावरून अंगरखा ओढून घेतला. वाळू कापडावर तडतडत होती. अशा वेळी डोळे मिटण्याखेरीज करण्यासारखं काही नसतं, आणि डोळे मिटले की गोंचिगला नेहमी थोरला भाऊ दिसे.

गोंचिग आठ वर्षांचा होता. एक सांडणी चुकली म्हणून भाऊ शोधायला गेला. तिसऱ्या दिवशी सांडणी आपली आपण परत आली. भाऊ आला नाही. बाप शोधायला निघाला. तो गोंचिगसारखाच होता, किंवा गोंचिग त्याच्यासारखा. चार ठिकाणी त्याने चहा घेतला, चारही ठिकाणी सगळं शांत होतं. पुढे पार हिवाळ्यात कळलं, की त्यातल्या दुसऱ्या घरी भाऊ थांबून गेला होता, दक्षिणेची वाट विचारून. हे गोंचिगने ल्हामजावलासुद्धा सांगितलं नव्हतं. त्याने फक्त ठरवलं होतं, की आपला उंट कधी चुकू द्यायचा नाही. उंटच चुकला नाही तर कुणाला शोधायला जावं लागणार नाही.

वारा तासाभराने बसला. जमीन अशी झाली होती, जशी कुणी तिच्यावर कधी चाललंच नाही. आता पावलं उरली नव्हती. उरली होती फक्त माणसं.

गोंचिगने उंट परत डोलगोरकडे वळवला आणि पळवला. एवढ्या वर्षांत त्याला उंट पळवताना कुणी पाहिलं नव्हतं. गेर आलं तेव्हा त्याने आरोळी दिली नाही. कुत्रं धरा म्हणाला नाही. दार ढकलून, ताठ मानेने, पायात वाळू घेऊन तो आत घुसला आणि उभ्यानेच ओरडला, "माझा पोरगा हरवलाय! चित्रकार! पाहिलात का?"

आणि तोंड उघडं ठेवून तो तसाच उभा राहिला. कारण समोर, मानाच्या जागेच्या बरोबर वर, जिथे सकाळी त्याचं डोकं टेकलं होतं तिथे, एक कागद लटकत होता. कागदावर डोलगोर होती. निळी. एकेक सुरकुती निळी.

डोलगोर शेळीचं दूध गाळत होती. तिने भांडं खाली ठेवलं.

"आता दिसलं होय तुम्हाला!" ती म्हणाली. "सकाळी त्याच्याखाली बसवलं, तीन वाडगे चहा पाजला. एक शब्द नाही! मी म्हटलं, बोलेल, आता बोलेल. आपलंच चित्र आपण कसं दाखवायचं माणसाला? आणि बोललात काय? दाराला चरबी लावा!"

"कधी आला होता तो?"

"काल दुपारी. माझ्या मनात आलं, ल्हामजावचं काढलं नाही आणि माझं काढलं म्हणून राग आला असेल तुम्हाला."

"डोलगोर-ग्वाइ, तो घरी आलाच नाही!"

म्हातारीचा चेहरा पडला. "पण तुम्हीच म्हणालात ना, शांत आहे सगळं?"

"तुम्ही पण म्हणालात."

"मग काय म्हणायचं असतं?"

मग डोलगोरने भराभर सांगितलं. पोरगा दमला होता, बूट चावले होते. त्याने चित्र काढलं, भात खाल्ला, आणि तिने जाताना त्याला आपली सांडणी दिली. बस, पकडून राहा, हिला घर माहीत आहे, असं सांगून. सकाळी गोंचिगला बघून तिला वाटलं, हा सांडणी परत द्यायला आलाय. तो रिकामाच आला. तेव्हा वाटलं, उद्या आणेल, मागून कशाला घ्यायची.

"कोणती सांडणी?" गोंचिगने विचारलं.

"माझ्याकडे दुसरी कुठाय? तुम्हीच दिलेली, सात वर्षांपूर्वी. उजवा कान चिरलेली."

गोंचिग मटकन खाली बसला. दारातच, जिथे पाहुणा कधी बसत नाही. मग तो हसायला लागला. डोलगोर घाबरली.

"तिला घर माहीत आहे," तो म्हणाला. "बरोबर. पण तिचं घर माझ्याकडे नाही. ती जन्मली आमच्या जुन्या वसंतातल्या मुक्कामावर, करड्या टेकडीखाली. बारा वर्षं झाली, आम्ही तिथं जातच नाही. लगाम सैल सोडला की उंट आपल्या जन्माच्या जागी जातो. पोराने लगाम सैल सोडला असणार. त्याने धरलाच नसेल! आकाश बघत असणार!"

"मग जा ना! बसलात काय?"

तिने त्याच्या अंगरख्यात दह्याच्या वड्या, मांसाचा तुकडा आणि चहाची बाटली कोंबली. तो उंटावर चढला तेव्हा ती मागून ओरडली, "आणि चित्र कसं आहे?"

"निळं!" गोंचिग ओरडला आणि निघाला.

करड्या टेकडीखाली पोहोचला तेव्हा सूर्य टेकला होता. आधी सांडणी दिसली, चिरलेला कान हलवत, अगदी घरच्यासारखी रवंथ करत. मग जुन्या दगडी वाड्याची कमरेएवढी भिंत, जिच्या आडोशाला कधी काळी नवी पिल्लं बांधत. आणि भिंतीच्या आतल्या अंगाला उकिडवा बसलेला एनेबिश, कोपरापर्यंत तांबड्या मातीने माखलेला. भिंतीच्या सपाट दगडांवर त्याने उंट काढले होते. एक नाही, ओळच्या ओळ.

"अरे, गोंचिग-ग्वाइ!" तो म्हणाला. आवाज घोगरा होता. "तुम्ही इकडे कसे?"

"सहज," गोंचिगच्या तोंडून गेलं. मग तो थांबला. उंटावरून उतरला. "नाही. सहज नाही. तुला शोधतोय सकाळपासून. घाबरलो होतो."

एनेबिशने डोळे मिचकावले. "म्हणजे मी हरवलो होतो?"

"हो."

"मला कुणी सांगितलं नाही," तो म्हणाला आणि हसला. "सांडणी इथं येऊन बसली ती उठेचना. मी म्हटलं, तुमचं घर पुढच्या उंचवट्यामागेच असेल, उठेल तेव्हा जाऊ. झरा आहे, वड्या होत्या. मजेत झोपलो रात्री."

गोंचिगने जमिनीकडे पाहिलं. वारा भिंतीच्या आत शिरला नव्हता. तिथे बुटांची चौकडी होती, भिंतीच्या कडेकडेने, गोल, एकावर एक, एवढी की माती पिठासारखी झाली होती. रात्रभर कुणी झोपलं नव्हतं. कुणीतरी गारठू नये म्हणून रात्रभर गोल फिरत होतं. बाहेर, वारा बसल्यानंतरची, तीच पावलं उंचवट्यापर्यंत धावत गेली होती आणि हळूहळू परत आली होती. चारदा. ओरडून ओरडून आवाज बसला होता.

गोंचिग यातलं काही बोलला नाही. त्याने चहाची बाटली पोराच्या हातात दिली आणि स्वतःचा जाड अंगरखा त्याच्या अंगावर टाकला.

"हे किती उंट?" त्याने भिंतीकडे बोट दाखवलं.

"मोजले नाहीत."

गोंचिगने मोजले. एकशे चौदा होते. त्याने पोराकडे पाहिलं. पोरगा बाटलीत तोंड घालून चहा पीत होता. "वेळ होता," तो म्हणाला. "आठवून आठवून काढले. खवचट नर तिथं, कोपऱ्यात."

दुसऱ्या दिवशी दुपार उलटल्यावर दोन उंट घराकडे आले तेव्हा ट्रक दारात उभा होता. गोंचिग वाटेत डोलगोरकडे सांडणी सोडून पोराला मागे बसवून एकाच उंटावर येऊ शकला असता, पण त्याने ती बरोबरच आणली. त्या दिवशी कुणालाच नजरेआड करायची त्याची तयारी नव्हती. आत अध्यक्ष दोर्जपालम मानाच्या जागी बसून सूप पीत होते. ल्हामजाव पळी घेऊन उभी होती. एनेबिशला पाहिल्याबरोबर तिने त्याच्या पाठीत ती पळी हाणली आणि लगेच त्याच्या कपाळाचा वास घेतला, आपल्या पोराचा घेतात तसा. अध्यक्षांना तिने काही सांगितलेलं नसावं. त्यांनी पोराच्या लाल हातांकडे पाहिलं, म्हाताऱ्याच्या वाळूने भरलेल्या भुवयांकडे पाहिलं, आणि पद्धतीप्रमाणे विचारलं.

"जनावरं धष्टपुष्ट आहेत ना?"

"आहेत."

"काय नवं, गोंचिग-ग्वाइ?"

ल्हामजावने पळी पातेल्यात ठेवली.

"आहे," गोंचिग म्हणाला. "मी तुमचा पोरगा हरवला होता."

अध्यक्षांच्या हातातला वाडगा तिथेच थांबला. आणि मग गोंचिगने सांगायला सुरुवात केली. तांबड्या रंगापासून. बुटांच्या चौकडीपासून. डोलगोरच्या मेलेल्या कुत्र्यापासून. पुरेवची दाढसुद्धा त्याने सोडली नाही. मध्येच तो थोरल्या भावावर गेला, आणि ल्हामजाव त्याच्या शेजारी येऊन बसली. सूप गार झालं. ट्रकचा ड्रायव्हर दोनदा डोकावून गेला. पोरगा कोपऱ्यात बसून कागदावर काहीतरी काढत होता.

"म्हणजे," शेवटी अध्यक्ष म्हणाले, "एकूण उंट एकही हरवला नाही."

"नाही," गोंचिग म्हणाला. "एक जास्तच आलाय. तो डोलगोरचा आहे. उद्या परत देतो."

सभागृहाच्या पूर्वेच्या भिंतीवर आज तीन बक्षीसपात्र उंट आहेत. दोन तपकिरी, एक निळा. निळ्याबद्दल संघाच्या बैठकीत बरीच चर्चा झाली. त्या बैठकीत गोंचिग उठून उभा राहिला आणि म्हणाला, "संध्याकाळी जाऊन बघा," आणि बसला. लोक संध्याकाळी गेले. काहींना दिसला, काहींना नाही.

पुढे त्या भागात एक नवीच अडचण झाली. गोंचिगला कुणी पद्धतीने "काय नवं?" विचारलं, की तो सांगतो. खरोखर जे असेल ते, सुरुवातीपासून, काही न गाळता. पुरेव तर त्याला दुरून येताना पाहिलं की आपली दाढ धरून झोपेचं सोंग घेतो. ल्हामजाव म्हणते, एक्केचाळीस वर्षांचं साठलेलं आहे, निघू दे बाहेर.

फक्त डोलगोरकडे गेला की त्याची पंचाईत होते. ती त्याला अजूनही नेमकी त्या निळ्या चित्राखाली बसवते, चहा देते, आणि वाट बघते. गोंचिग तीन वाडगे पितो, सगळ्या गावाच्या बातम्या सांगतो, आणि दारापाशी जाऊन थांबतो.

"दार आता कुरकुरत नाही," तो म्हणतो.

"नाही," डोलगोर म्हणते, आणि तरीही वाट बघते.